बदलीचा हुकूम, घरची अडचण आणि आपण

(मंडळाच्या मासिक सभेत झालेल्या भाषणाचा मजकूर)



सरकारी नोकरीतल्या माणसाच्या घरी बदलीचा कागद आला की पहिला प्रश्न निघतो तो आईचे काय, बाबांचे काय, मुलांच्या शाळेचे काय. दुसरा प्रश्न लगेच निघतो, भोपाळमध्ये आपले कोण आहे? पहिला प्रश्न खरा आहे आणि तो सुटलाच पाहिजे. दुसऱ्या प्रश्नाची सवय मात्र आपल्या समाजाने आता सोडावी, आणि त्याच्या जागी काय धरावे, हे सांगण्यासाठी आम्ही आज उभे आहोत.

आधी थोडे मागे पाहू. उज्जैनीतली आपली जुनी घराणी इथे आली कशी? राणोजी शिंद्यांच्या मागोमाग कोणी कारकून म्हणून आले, कोणी कमाविसदार म्हणून, कोणी देवस्थानच्या कामाला. राणोजींचे दिवाण रामचंद्रबाबा शेणवी यांनी महाकालाचे मंदिर पुन्हा उभे केले, हे इथल्या पोरासोरांनाही ठाऊक आहे. १८१० मध्ये दौलतराव शिंद्यांनी राजधानी ग्वाल्हेरला नेली तेव्हा दफ्तरे गेली, दफ्तराबरोबर माणसे गेली, आणि वाडे व म्हातारी माणसे इथेच राहिली. १९४८ मध्ये मध्य भारत राज्य झाले. त्याची हिवाळी राजधानी ग्वाल्हेर आणि उन्हाळी राजधानी इंदूर. सचिवालयातल्या कुटुंबांनी त्या वर्षांत दरसाल दोनदा बिऱ्हाड हलवले. १ नोव्हेंबर १९५६ ला भोपाळ राजधानी झाली आणि पुन्हा सामान बांधले गेले. १ नोव्हेंबर २००० ला छत्तीसगड वेगळे झाले, कर्मचाऱ्यांची दोन राज्यांत वाटणी झाली, आणि काही घरांत नवरा या राज्यात तर बायको त्या राज्यात अशी वेळ आली. म्हणजे बदली आपल्याला नवी नाही. खरे तर आपण सगळे बदलीचीच संतती आहोत.

मग आता एवढी ओरड का? कारण घर बदलले आहे. पूर्वी कर्ता मुलगा शाजापूरला गेला तरी वाड्यात दोन भाऊ, त्यांच्या बायका, एखादी आत्या असे कोणी ना कोणी होते. आजीच्या औषधाची वेळ चुकत नव्हती. आज एक मुलगा पुण्याला, मुलगी परदेशात, आणि उरलेला एक जण इथे शिक्षण खात्यात किंवा आरोग्य खात्यात. त्याचीच बदली सिंगरौलीला किंवा बालाघाटला झाली तर मागे ऐंशी वर्षांचे दोन जीव आणि कुलूप, एवढेच उरते. शिवाय आता घरातली सूनही नोकरी करते. एकाची बदली झाली म्हणजे संपूर्ण बिऱ्हाड हलवता येते असे दिवस राहिले नाहीत. ही अडचण खोटी नाही, आणि ती मांडताना कोणी लाजण्याचे कारणही नाही.

परंतु कायदा या अडचणीकडे कसा पाहतो, हे स्पष्ट समजून घेतले पाहिजे. अनेक मंडळी समजतात की आई आजारी आहे, बायको इथे नोकरीला आहे, तेव्हा उच्च न्यायालयात अर्ज टाकला की बदली रद्द होते. तसे होत नाही.

या बाबतीत सर्वांत जास्त दाखला दिला जातो तो १९९३ चा, एस. एल. अब्बास यांच्या प्रकरणाचा. अब्बास हे भारतीय वनस्पती सर्वेक्षण विभागात शिलाँगला होते. त्यांची बदली गढवालातल्या पौडीला झाली. पत्नी शिलाँगलाच केंद्र सरकारच्या नोकरीत, मुले तिथल्या शाळेत, स्वतःच्या पाठीच्या कण्याला पूर्वी झालेली दुखापत. यापेक्षा घरची अडचण ती काय असावी? गुवाहाटीच्या केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाने बदली रद्द केली. सर्वोच्च न्यायालयाने मात्र न्यायाधिकरणाचा निर्णय फिरवला. कोणाची बदली कुठे करायची हे ठरवणे संबंधित अधिकाऱ्याचे काम आहे. पती-पत्नीला शक्यतो एका ठिकाणी ठेवावे ही सरकारची सूचना आहे, पण त्या सूचनेवरून कर्मचाऱ्याला न्यायालयात बजावता येईल असा हक्क मिळत नाही, असे न्यायालयाने सांगितले. मात्र त्याच निकालात असेही सांगितले की कर्मचाऱ्याने अडचण कळवली तर अधिकाऱ्याने त्या सूचना लक्षात घेऊन तिचा विचार केला पाहिजे. आपली मंडळी पहिला भाग ऐकून निराश होतात आणि दुसरा भाग वापरतच नाहीत.

आपल्या राज्यातही तोच रस्ता आहे. सामान्य प्रशासन विभाग बदलीचे धोरण काढतो आणि बंदी उठवण्याची मुदत ठरवतो. २०२५ मध्ये ही मुदत १ मे पासून सुरू झाली आणि पुढे जूनपर्यंत वाढवली गेली. या धोरणांत साधारणपणे घरच्या आणि शरीराच्या अडचणींना जागा असते : कॅन्सर, पक्षाघात यांसारखे गंभीर आजार, चाळीस टक्के किंवा जास्त अपंगत्व, निवृत्तीला एक वर्ष उरलेले असणे, पती-पत्नीला एका ठिकाणी आणणे. पण हे धोरण आहे, कायदा नव्हे. धोरणाविरुद्ध बदली झाली तर आधी खात्याकडेच दाद मागावी, असे मध्य प्रदेश उच्च न्यायालयाने २००७ मध्ये आर. एस. चौधरी यांच्या प्रकरणात सांगितले, आणि तेव्हापासून तेच चालत आले आहे.

मग न्यायालयाचे दार कधी उघडते? तीन कारणांनी. बदली करणाऱ्याला तसा अधिकारच नसेल तर. एखादा बंधनकारक नियम मोडला असेल तर. किंवा बदलीमागे आकस असेल तर. तिसऱ्या कारणाचा दाखला आपल्या शेजारचाच आहे. सोमेश तिवारी हे भोपाळला केंद्रीय उत्पादन शुल्क खात्यात अधिकारी होते. त्यांच्याविरुद्ध एक निनावी तक्रार गेली. चौकशीत काही हाती लागले नाही, तरी त्यांना शिलाँगला पाठवण्याचा हुकूम निघाला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि डिसेंबर २००८ मध्ये न्यायालयाने सांगितले की शिक्षेच्या ऐवजी केलेली बदली टिकत नाही. इथे लक्षात घ्या, तिवारी जिंकले ते घरच्या अडचणीवर नव्हे. शिक्षा द्यायची असेल तर चौकशी करून द्या, बदलीच्या नावाखाली देऊ नका, या मुद्द्यावर ते जिंकले.

तेव्हा पहिली गोष्ट गाठीला बांधा. घरची अडचण ही न्यायालयात जिंकण्यापेक्षा कचेरीत पटवून देण्याची गोष्ट आहे. आणि कचेरीत ती पटवण्याचे साधन म्हणजे निवेदन, ज्याला इथे आपण सगळे अभ्यावेदन म्हणतो.

हे अभ्यावेदन आपली मंडळी कसे लिहितात, ते आम्ही पुष्कळ पाहिले आहे. चार पाने, त्यात तीस वर्षांच्या सेवेचे वर्णन, साहेबांवर आरोप, आणि शेवटी एका ओळीत आईचे आजारपण. कागद एकही जोडलेला नाही. असा अर्ज वाचणाऱ्याने काय करावे? म्हणून सांगतो, एक किंवा दीड पानाचा अर्ज करा. बदलीच्या हुकुमाचा क्रमांक आणि तारीख, सध्याच्या जागी कधी रुजू झालात ती तारीख, धोरणातले कोणते कलम तुम्हाला लागू पडते तो क्रमांक, आणि मग अडचण. आजार असेल तर सरकारी रुग्णालयाचा किंवा वैद्यकीय मंडळाचा कागद जोडा. अपंगत्व असेल तर त्याचे प्रमाणपत्र. सांभाळणारे घरात दुसरे कोणी नसेल तर तसे शपथपत्र. पत्नी किंवा पती नोकरीत असेल तर त्यांच्या नेमणुकीचा कागद. मुलगा दहावी-बारावीच्या बोर्डाला बसणार असेल तर शाळेचा दाखला, आणि त्याबरोबर हेही लिहा की परीक्षा होईपर्यंत थांबावे, पुढे जाण्यास तयार आहे.

शेवटी मागणी नेमकी असू द्या. नुसते बदली रद्द करा म्हणण्यापेक्षा देवास, शाजापूर, रतलाम इथल्या दोन-तीन रिकाम्या जागांची नावे द्या. अधिकाऱ्याला हुकूम मागे घेणे जड जाते, दुरुस्त करणे तितके जड जात नाही. अर्ज वरिष्ठांमार्फत द्या, एक प्रत थेट द्या, आवक क्रमांकाची पावती घ्या, आणि हे सगळे हुकूम हाती पडल्यापासून थोड्याच दिवसांत करा. कारण देऊन उत्तर मिळावे असेही अर्जातच लिहा. पुढे इंदूरच्या खंडपीठाकडे जाण्याची वेळ आलीच, तर हीच पावती पहिली उपयोगी पडते. अमुक दिवसांत अभ्यावेदनावर कारणांसह निर्णय द्या, असा आदेश उच्च न्यायालय पुष्कळदा देते. अर्जच केला नसेल तर न्यायालयाने तरी कशावर आदेश द्यावा?

दुसरी गोष्ट, अर्ज केला म्हणजे बदली थांबली असे नाही. १९८९ मध्ये गुजरात वीज मंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले. तिथला एक कर्मचारी नव्या जागी रुजू झालाच नाही, अर्जाच्या आधारावर घरी बसला, आणि नोकरी गमावून बसला. न्यायालयाने ती कारवाई कायम ठेवली. अडचण असेल तर अर्ज जरूर करा, पण हुकुमाला स्थगिती नसेल तर जावेच लागते, हा त्यातला अर्थ. आपल्याकडे एकतर्फी भारमुक्त केले की काही जण वैद्यकीय रजा टाकतात आणि महिनोन्‌महिने बसून राहतात. पगार अडकतो, गैरहजेरी लागते, आणि खऱ्या आजाराचा कागदही मग संशयाने पाहिला जातो. घरी अगदी निकराची वेळ असेल तर रुजू व्हा, तिथून रीतसर रजा मागा आणि अर्जाचा पाठपुरावा करा.

काही कारणांना आता पूर्वीपेक्षा बळ आले आहे, तेही सांगतो. केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांसाठी पती-पत्नी एकत्र ठेवण्याच्या सूचना १९८६ पासून आहेत. १९९७ आणि २००९ मध्ये त्या अधिक ठाम केल्या गेल्या. अपंग मुलाला सांभाळणाऱ्या कर्मचाऱ्याला नेहमीच्या फिरत्या बदलीतून सूट देण्याचा आदेश जून २०१४ मध्ये निघाला, आणि ऑक्टोबर २०१८ मध्ये अवलंबून असलेले अपंग आई-वडील, पती-पत्नी, भाऊ-बहीण यांचाही त्यात समावेश झाला. रेल्वे, पोस्ट, आयकर खात्यातल्या आपल्या मुलांना हे माहीत असले पाहिजे. त्यांचे तक्रारीचे ठिकाणही वेगळे, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाचे जबलपूर पीठ.

आणि १० मार्च २०२२ चा एक निकाल आहे, एस. के. नौशाद रहमान यांचा. अप्रत्यक्ष कर खात्यातला हा वाद होता. कर्मचाऱ्यांना मागितलेला दिलासा मिळाला नाही, बदली ही नोकरीची अटच आहे हेही न्यायालयाने पुन्हा सांगितले. पण त्याच वेळी सर्वोच्च न्यायालयाने असे मत दिले की कौटुंबिक जीवन हा माणसाच्या प्रतिष्ठेचा आणि घटनेच्या २१ व्या कलमाचा भाग आहे, धोरण आखताना सरकारने त्याचा विचार केला पाहिजे. आणि पती-पत्नी, अपंग व सहानुभूतीची प्रकरणे यांच्यासाठी खात्याने आपले धोरण पुन्हा तपासावे. अब्बासपासून इथपर्यंत यायला २९ वर्षे लागली. दार पूर्ण उघडले नाही, पण फट पडली आहे.

आता जरा कडू बोलतो, रागावू नका.

आपली बदली रद्द होते तेव्हा ती जागा दुसऱ्या कोणाला भरावी लागते. शिल्पी बोस यांचे बिहारचे प्रकरण, १९९१ मध्ये प्रसिद्ध झालेले, फार बोलके आहे. काही प्राथमिक शिक्षिकांनी विनंती केली की आमचे पती जिथे आहेत तिथे आम्हाला पाठवा. खात्याने तसे केले. त्यामुळे ज्यांना हलावे लागले ते न्यायालयात गेले. पाटण्याच्या उच्च न्यायालयाने बदल्या रद्द केल्या, सर्वोच्च न्यायालयाने त्या पुन्हा कायम केल्या. कोण बरोबर, कोण चूक? दोन्ही बाजूंना घरे होती, दोन्हीकडे मुले होती. सगळ्यांनाच उज्जैन आणि इंदूर हवे असेल तर झाबुआ आणि अलीराजपूरच्या शाळेत कोणी शिकवायचे? तिथल्या मुलांना आई-बाप नाहीत का? या प्रश्नाचे उत्तर दिल्याशिवाय आपल्याला घरची अडचण सांगण्याचा नैतिक अधिकार उरत नाही.

आणि म्हणूनच वशिल्याचा प्रश्न येतो. मंत्र्याच्या बंगल्यावरून चिठ्ठी आली की आपले काम होते, पण त्याच चिठ्ठीने ज्याच्या घरी खरोखर डायलिसिसचा रोगी आहे त्याचे काम मागे पडते. पुढच्या वर्षी दुसऱ्याची चिठ्ठी येते आणि आपण उखडले जातो. सरकार बदलले की कालची ओळख आजची अडचण होते, हे इथे बसलेल्या ज्येष्ठांना आम्ही सांगायला नको. शिवाय नोकरीच्या बाबतीत वरिष्ठांवर बाहेरून दबाव आणणे हे आचरण नियमांना धरून नाही. केंद्राच्या १९६४ च्या नियमांत नियम २० याच विषयावर आहे, आणि राज्याच्या कर्मचाऱ्यांनाही तशीच मनाई आहे. ज्याने चिठ्ठी आणली त्याच्यावरच उद्या ती उलटू शकते.

यावर उपाय कोणता? आपल्या माहेरघरी, महाराष्ट्रात, त्यावर कायदा आहे. अण्णा हजारे यांनी त्यासाठी आंदोलन केले, आणि २००५ चा बदल्यांच्या विनियमनाचा कायदा झाला. तो १ जुलै २००६ पासून लागू झाला. त्यात साधारण तीन वर्षांची मुदत आहे, बदल्या एप्रिल-मे मध्ये करायच्या आहेत, आणि मुदतीआधी किंवा मध्येच बदली करायची तर खास कारण लेखी नोंदवून वरच्या अधिकाऱ्याची आधी मंजुरी घ्यावी लागते. नुसते मोघम कारण लिहून भागत नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाने २०१३ मध्ये किशोर म्हस्के यांच्या प्रकरणात सांगितले. कायदा असूनही तिथे मनमानी होते, हे खरे. पण तिथल्या कर्मचाऱ्याला महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जाऊन म्हणता येते की कायद्याचे कलम मोडले. आपल्याला फार तर म्हणता येते की धोरण पाळले नाही. या दोन वाक्यांत केवढे अंतर आहे ते आता आपल्या ध्यानात आले असेल.

न्यायाधिकरणाचीही तीच कथा. मध्य प्रदेशात राज्य कर्मचाऱ्यांसाठी प्रशासकीय न्यायाधिकरण होते. छत्तीसगड वेगळे झाल्यानंतर ते बंद करण्यात आले, आणि २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते बंद करणे वैध ठरवले. आता लहानशा कारकुनालाही थेट उच्च न्यायालय, म्हणजे आपल्यासाठी इंदूर, म्हणजे वकिलाची फी आणि खेपा.

म्हणून आमच्या तीन मागण्या आहेत, आणि मंडळाने त्या ठराव करून आपल्या आमदार-खासदारांकडे, पक्ष कोणताही असो, पाठवाव्यात असे आम्ही सुचवतो. एक, मध्य प्रदेशात बदल्यांचा कायदा व्हावा; त्यात ठरावीक मुदत असावी आणि मुदतीआधीच्या बदलीला लेखी कारण असावे. दोन, घरच्या अडचणीच्या अर्जावर ठरलेल्या दिवसांत कारणांसह उत्तर देणे बंधनकारक असावे, आणि कोणत्या जागा रिकाम्या आहेत व कोणाचा अर्ज कशासाठी मंजूर झाला याची यादी सर्वांना पाहता यावी. तीन, दूरच्या आणि आदिवासी भागात जो तीन वर्षे काढेल त्याला पुढे घराजवळची जागा हक्काने मिळावी. मग जाणाऱ्याला परतीची तारीख माहीत असेल, आणि म्हातारी माणसे दिवस मोजत का होईना, धीराने राहतील.

तोवर मंडळाने आपल्या पातळीवर दोन कामे करावीत. निवृत्त मंडळींपैकी ज्यांनी आस्थापना विभागात वर्षे काढली आहेत, त्यांनी आठवड्यातून एक संध्याकाळ अर्ज लिहून देण्यासाठी बसावे. कोणत्या खात्याला कोणते कलम लागते हे त्यांच्याइतके कोणाला कळणार? आणि ज्यांची मुले बदलीवर गेली आहेत, त्या घरांची यादी गल्लीनिहाय करून रोज कोणीतरी एक चक्कर टाकावी, औषध आणून द्यावे, बँकेचे काम करावे. वाड्यातली आत्या आता राहिली नाही, तेव्हा ते काम मंडळानेच अंगावर घ्यायला हवे. सिंहस्थ जवळ आला की या शहरात अधिकारी-कर्मचाऱ्यांची ये-जा वाढते, हे २००४ ला आणि २०१६ ला आपण पाहिले. २०२८ चा सिंहस्थ समोर आहे. बाहेरून इथे बदलून येणाऱ्या माणसाचेही घर कुठेतरी मागे राहिलेले असते. त्याला राहायला खोली आणि दोन वेळचा डबा मिळवून देणे हेही याच कामात धरावे.

आपल्या वाडवडिलांनी बदलीचा हुकूम मान्य केला, म्हणून आपण आज शिप्रेकाठी आहोत. हुकूम पाळण्यात कमीपणा नाही. पण हुकूम देणाऱ्याने अडचण ऐकून घ्यावी आणि कारण सांगावे, एवढे मागण्यातही काही उद्धटपणा नाही. ते एकट्याने आणि लपून मागण्यापेक्षा सर्वांनी मिळून, उघडपणे आणि लेखी मागू या. पुढच्या सभेत ठरावाचा मसुदा मांडला जाईल. आपण सर्वांनी तो वाचून यावे, दुरुस्त्या सुचवाव्यात आणि सही करावी, ही विनंती.

 जय महाकाल.